बाईच्या शेतावर

गेले दोन महिने इथे काही लिहिलं नाही. परवा धाकट्या लेकीचा फोन आला, "आई, ब्लॉग बंद केलास का?" म्हटलं, बंद नाही गं, शेतावर होते. तिला वाटलं मामाकडे गेले होते. मग खरं काय ते सांगितलं तर पाच मिनिटं हसत होती. तुम्हीही हसा, हरकत नाही. चौऱ्याहत्तराव्या वर्षी मी कॉम्प्युटरवरचा खेळ खेळायला लागले आहे, आणि तोही दुसरीच्या शेतात राबायचा!

तर झालं असं. माझी एक मैत्रीण आहे. आम्ही एकाच शाळेत बावीस वर्षं होतो. ती गणित शिकवायची, मी मराठी आणि इतिहास. शाळेत मुलं दोघींनाही बाई म्हणत, आणि मुलांचं ऐकून आम्हीही एकमेकींना 'बाई' म्हणायला लागलो ते आजतागायत. यजमान गेल्यावर तिच्या लेकीने तिला टोरांटोला नेलं, त्याला आता सहा वर्षं झाली. तिथला हिवाळा म्हणजे चार-पाच महिने खिडकीतून बर्फ बघणं. लेक-जावई कामावर, नातू शाळेत. त्या नातवानेच आजीला हा खेळ शिकवला. स्टारड्यू व्हॅली त्याचं नाव.

मार्चमध्ये एकदा फोनवर ती म्हणाली, "बाई, मी नवीन शेत काढलंय. तुला खोपटं बांधून ठेवलंय. ये."

मला वाटलं बाईचं काहीतरी बिनसलं. वय झालंय, होतं असं.

पण नाही. नातवाने व्हॉट्सअॅपवर एक सांकेतिक अक्षरांचा कोड पाठवला. मुलाचा जुना लॅपटॉप माळ्यावर होता तो काढला, शेजारच्या इंजिनिअरिंगच्या मुलाने खेळ त्यात घालून दिला (दोन वेळा चहा आणि एकदा साबुदाण्याची खिचडी एवढ्या मोबदल्यात). कोड टाकला आणि समोर एक चिमुकली बाई उभी राहिली. तिचे केस, कपडे, रंग सगळं आपणच निवडायचं. मी पांढरे केस निवडले. इंजिनिअर म्हणाला, "आजी, इथे तरी काळे घ्या!"

खेळ साधा आहे, निदान दिसायला. एक पडीक रान. तण, दगड, ओंडके. हातात कुऱ्हाड, कुदळ, झारी, विळा. साफ करायचं, उकरायचं, बी टाकायचं, पाणी घालायचं. पीक आलं की घराजवळच्या पेटीत टाकायचं, रात्री त्याचे पैसे जमा होतात. दलाल नाही, हमाली नाही, तोलाई नाही. गावात बियाण्याचं एक दुकान, ते बुधवारी बंद. वर्षाचे चार ऋतू, प्रत्येक अठ्ठावीस दिवसांचा. पावसाळा असा ऋतूच नाही, पाऊस मधूनच येतो आणि त्या दिवशी झारीला सुट्टी. तिथला एक दिवस आपल्या साधारण चौदा मिनिटांचा. तासाभरात चार दिवस होतात.

हे सगळं एका माणसाने केलंय हे मला नंतर कळलं. एरिक बरोन नावाचा अमेरिकेतला मुलगा. चार वर्षांहून जास्त काळ एकट्याने बसून चित्रं, गाणी, गोष्ट, प्रोग्रॅम सगळं केलं, मधे थिएटरात प्रेक्षकांना जागा दाखवायची नोकरीही केली, आणि 2016 साली खेळ बाजारात आणला. तेव्हा तो एकट्यानेच खेळायचा होता. अनेकांनी मिळून खेळायची सोय 2018 मध्ये आली. म्हणजे शेतात दुसरं माणूस यायला दोन वर्षं लागली. असो.

मी शेतकऱ्याची मुलगी. वाई तालुक्यातलं माझं माहेर. हळदीचं गाव. लहानपणी खुरपणीला गेले आहे, ज्वारीच्या राखणीला माळ्यावर बसून गोफण फिरवली आहे, हळद शिजायला लावली की त्या वाफेचा जो वास गावभर पसरतो तो अजून नाकात आहे. तेव्हा मला वाटलं, या खेळात बाईला मी शिकवणार. पण कसलं काय! पहिल्या संध्याकाळी झारी समजून कुऱ्हाड चालवली आणि तिने लावलेली दोन रोपं गेली. त्यांच्या पहिल्या पिकाचं नाव पार्स्निप. शब्दकोश काढून पाहिलं, पांढऱ्या गाजरासारखं काहीतरी असतं. चार दिवसांत तयार! आमच्या हळदीला नऊ महिने लागतात, बाळंतपणाइतके, असं आई म्हणायची. आणि पाणी द्यायचं राहिलं तर इथलं रोप मरत नाही, नुसतं जिथल्या तिथे थांबतं. दुसऱ्या दिवशी पाणी द्या, पुन्हा वाढायला लागतं. हे मी भावाला फोनवर सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "ताई, तसलं बी कुठं मिळतं ते विचार."

आमच्या बाईचं माहेर माण तालुक्यातलं. तिकडचे लोक जाणतात पाणी म्हणजे काय ते. मी वाईची, कृष्णेकाठची, मला पाण्याचं काय कौतुक? पण ही शेताच्या कडेच्या तळ्यावर झारी भरायला जाते तेव्हा हेडफोनमधून तिचा आवाज येतो, "बघ गं, कितीही भर, संपत नाही." रोज म्हणते. नातवाने तिला सांगितलं होतं की पुढे तुषार सिंचनाची यंत्रं बनवता येतात, मग झारी लागत नाही. तिने साफ नाही म्हणून सांगितलं. तिला स्वतःच्या हाताने पाणी घालायचं आहे.

आमची वेळ ठरलेली. आपले संध्याकाळचे साडेसात, तिच्याकडे सकाळचे दहा. व्हॉट्सअॅपवर फोन लावून ठेवायचा आणि खेळायचं. एकत्र खेळताना एक गंमत आहे. एकटे खेळत असाल तर पिशवी उघडून बघताना तिथलं घड्याळ थांबतं. दोघी असलात की थांबत नाही. मी इंग्रजी वाचत वाचत, शब्दकोश चाळत बसते तोवर तिथले दुपारचे तीन होतात. आणि रात्री दोघींनी झोपल्याशिवाय दिवस संपत नाही. बाई आपली नऊला अंथरुणात शिरायची आणि मी दक्षिणेकडच्या जंगलात वाट चुकलेली. "बाई, मी झोपलेय गं." "आले, आले." "मघाशीही आलेच म्हणालीस." शेवटी रात्री दोनला मी रस्त्यातच चक्कर येऊन पडले. सकाळी उठून बघते तर पैसेही कमी झालेले. आणि पैसे आमचे एकत्र! म्हणजे माझ्या चक्करेचा भुर्दंड तिलाही. मी ओशाळले. ती म्हणाली, "राहू दे. दोघींचंच आहे."

शेताचा आकार मात्र मला पहिल्या दिवसापासून खटकत होता. नातवाने मुद्दाम असं रान निवडलं होतं की त्याचे कड्यांनी चार तुकडे पडलेले. अनेकांनी मिळून खेळायचं असेल तर हे सोयीचं म्हणे. एका तुकड्यात बाईचं घर, दुसऱ्यात माझं खोपटं. खोपट्याबाहेर माझी टपालपेटी. बाईने पहिल्याच दिवशी सांगितलं, "हा तुकडा तुझा. इथं काय लावायचं ते मला विचारायचं नाही." मी म्हटलं, "अगं पण शेत तुझं आहे." त्यावर ती काही बोलली नाही.

आता इथे थोडं मागे जायला हवं.

माझे वडील 1983 साली गेले. आम्ही दोन बहिणी, एक धाकटा भाऊ. पुढच्या वर्षी भाऊ एसटीने मला न्यायला आला, तालुक्याच्या कचेरीत हक्कसोडपत्रावर सही करायला. आम्ही दोघी बहिणींनी केली. बाहेर आल्यावर त्याने आम्हाला भजी खाऊ घातली, घरी आईने साडी-चोळी केली, आणि मला फार उदार वाटत होतं स्वतःबद्दल. कागद मी वाचला नाही. "प्रश्न नीट वाचा, मगच उत्तर लिहा" असं तोवर अकरा वर्षं मुलांना सांगत आलेली मी! कुणी वाच म्हटलं नाही आणि मलाही सुचलं नाही. वाचला असता तरी सही केलीच असती, हेही तितकंच खरं. काही दिवसांनी फेरफार झाला आणि सातबाऱ्यावरून आमची नावं गेली.

पुष्कळांना वाटतं मुलींना हक्क मिळाला तो आत्ता आत्ता. महाराष्ट्रात 1994 साली कायदा झाला, देशभर 2005 साली, आणि 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुलीचा हक्क जन्मानेच आहे हे पक्कं केलं, ते सगळं बरोबर. पण बापाच्या वाट्यात मुलीला हिस्सा 1956 पासूनच होता. म्हणून तर सही लागायची. हक्कच नसता तर आम्हाला कचेरीत नेऊन वर भजी घालायची गरज काय होती?

बाईचे वडील 1991 साली गेले. तिचे भाऊ असेच कागद घेऊन आले. तिने तो वाचला. गणिताची बाई ती. म्हणाली, मी सही करणार नाही. मला पीक नको, पैसा नको, तुम्हीच कसा, पण माझं नाव तिथे राहू दे. भावांना ते कळेना. पीकही नको आणि पैसाही नको तर नाव हवंच कशाला? माझ्याच नावावर ही नजर ठेवून आहे, असं त्यांनी गावभर केलं. त्या वर्षीपासून तिची भाऊबीज बंद. आईच्या शेवटच्या आजारात ती गेली तर तिला पडवीतच बसवून ठेवलं होतं. नाव अजून आहे म्हणे सातबाऱ्यावर. तीन एकर माळ. ती त्या माळावर चौतीस वर्षांत एकदाही गेलेली नाही.

आणि मी त्या वेळी काय केलं? स्टाफरूममध्ये, मधल्या सुट्टीत, चार जणींच्या देखत मी तिला म्हटलं, "बाई, तीन एकर माळरानासाठी भावाची राखी तोडलीस." डबा उघडा होता तिच्यापुढे. तिने तो बंद केला आणि वर्गावर गेली. त्यानंतर आम्ही बोलत राहिलो, एकमेकींच्या मुलांच्या लग्नात राबलो, पण त्या वाक्याबद्दल एक अक्षर नाही. ते विसरली असेल असं मी धरून चालले होते. सोयीचं होतं ते.

खेळात हा विषय मी काढला नाही आणि तिनेही काढला नाही. तो आला भलत्याच वाटेने. या खेळाची सुरुवात अशी आहे म्हणे की आजोबा मरताना एक बंद पत्र देतात. पुढे कधीतरी शहरातल्या नोकरीला कंटाळल्यावर ते पत्र उघडायचं, तर आत शेताचं दान. तो भाग मी पाहिला नाही, तिने सांगितला. सांगता सांगता म्हणाली, "खेळणारी मुलगी असो की मुलगा, आजोबा तेच पत्र देतात. नातवाला विचारलं मी, मुलगी असेल तर काही वेगळं होतं का रे? तर त्याला माझा प्रश्नच कळला नाही."

मीही हसले. आणि विषय बदलला. बीट लावूया का बटाटा, असलं काहीतरी.

वसंत ऋतूच्या अठरा तारखेला मी माझ्या तुकड्यात फ्लॉवर लावला. एकेका बियाण्याला ऐंशी नाणी, अशी दहा. म्हणजे आठशे! तेव्हा आमच्या सामाईक गाठोड्यात जेमतेम अकराशे होते. पण बाईला विचारायचं नाही असं ठरलेलं, आणि मला बटाट्याचा कंटाळा आला होता. छान दहा रोपं, दोन रांगा. मधे बुजगावणं. रोज पाणी. पानं मोठी व्हायला लागली तशी मी लेकीला फोटो काढून पाठवले.

आणि मग सव्वीस तारखेला आमचं शेतच बंद पडलं.

बाईच्या डोळ्यांचं ऑपरेशन होतं, आधी एक, मग दुसरा. डॉक्टरांनी तिला पडद्यासमोर बसू नको म्हणून सांगितलं होतं. मला वाटलं, काही नाही, मी एकटी जाऊन पाणी घालीन. लॅपटॉप उघडला, तर आत जाताच येईना. इंजिनिअरला बोलावलं. त्याने सांगितलं, "आजी, हे शेत त्यांच्या कॉम्प्युटरवर आहे. त्या उघडतील तेव्हाच तुम्हाला जाता येणार." म्हणजे? माझं खोपटं, माझी टपालपेटी, माझी दहा रोपं? "सगळं त्यांच्याकडेच." माझी ती पांढऱ्या केसांची बाईसुद्धा. ती माझ्या लॅपटॉपवर नाहीच.

खरं सांगते, मला फार राग आला. कुणाचा ते कळेना. बाईचा तर नव्हताच. तीन आठवडे रोज साडेसातला हात रिकामे. टीव्हीवरच्या मालिका बघवेनात. मधेच एकदा चैत्रातल्या हळदीकुंकवाला माहेरी जाऊन आले. भावजयीने आंब्याची डाळ, पन्हं केलं होतं. भाऊ प्रेमळ आहे, कधी रिकाम्या हाताने पाठवत नाही. निघताना पाच किलो हळद, गुळाची ढेप. गाडीत बसताना माझ्या लक्षात आलं की मी घरातून अंगणात आणि अंगणातून गाडीत गेले. शेताकडे गेलेच नाही. कुणी नको म्हटलं नव्हतं. कुणी चल म्हटलं नव्हतं, आणि मला स्वतःहून जाते म्हणायचं सुचलं नव्हतं. केव्हापासून सुचत नाही, तेही आठवेना.

एप्रिलच्या शेवटी बाईचा फोन आला, "ये गं, उघडलंय."

गेले. वाटलं होतं सगळं वाळून गेलं असेल. तर तिथे तीच सव्वीस तारीख! आम्ही नव्हतो त्या तीन आठवड्यांत तिकडे एकही दिवस उलटला नव्हता. कोंबड्यासुद्धा उपाशी नव्हत्या. मला इतका आनंद झाला की मी झारी घेऊन धावलेच.

सत्तावीस, अठ्ठावीस. दोघी झोपलो. सकाळ झाली, उन्हाळ्याची पहिली तारीख. मी खोपट्याचं दार उघडून बाहेर आले. दहाही फ्लॉवर करपून काळे पडलेले.

ऋतू बदलला की त्या ऋतूचं पीक एका रात्रीत मरतं, असा नियम आहे. फ्लॉवरला लागतात बारा दिवस. अठरा आणि बारा तीस. महिना अठ्ठाविसाचा! दुसरीच्या मुलाला जमेल असली बेरीज.

मी म्हटलं, "बाई, गेलं गं सगळं. आठशे गेले."

ती म्हणाली, "हो."

त्या 'हो'वरून मला कळलं. "तुला माहीत होतं?"

"लावलंस त्याच दिवशी."

"मग बोलली का नाहीस? रोज पाणी घालत होते मी! फोटो पाठवत होते!"

हेडफोनमधून बराच वेळ नुसती तिच्या बाजूची घरघर येत होती, हीटरची असावी. मग ती म्हणाली, "दुसऱ्याच्या वाट्यात आपण बोलू नये, असं मी फार पूर्वी ठरवलंय."

घड्याळ चालूच होतं. एकत्र खेळताना ते थांबत नाही, मघाशी सांगितलं ना. सकाळचे सात, साडेसात, आठ. दोन बाहुल्या करपलेल्या वाफ्यापाशी उभ्या.

मी म्हटलं, "स्टाफरूममधलं म्हणतेस."

"बाकीच्या काय म्हणाल्या ते मला आठवत नाही," ती म्हणाली. "त्यांचं मला काही वाटलं नव्हतं."

मग मी जे बोलायचं ते बोलले. चौतीस वर्षांनी. इथे लिहीत नाही, नीट जमलंही नाही मला. व्याख्यानं देण्यात आयुष्य गेलं आणि साधी माफी मागताना वाक्यं पुरी होईनात. एक मात्र तिला सांगितलं ते इथेही सांगते. त्या दिवशी मी तिला बोलले कारण मी सही करून बसले होते. तिने नाही केली तर मग मी केली ती का, असा प्रश्न उभा राहत होता, आणि तो मला नको होता.

ती म्हणाली, "तू केलीस ते चुकलं असं मी कधी म्हटलं? तुझा भाऊ चांगला आहे. तुझ्या आईला त्याने अकरा वर्षं अंथरुणात सांभाळली. तुझ्या पोरांनी मे महिना तिथे काढला. माझ्या मुलीला मामा म्हणजे काय ते माहीत नाही. तिने एकदा मला विचारलं होतं, आई, तीन एकरांत तुला मिळालं काय?"

"मग तू काय सांगितलंस?"

"अजून हिशोब चाललाय म्हटलं." आणि गणिताच्या बाई हसल्या. मग एकदम, "अगं, दहा वाजले! विळा घे, ते वाळलेलं काप आधी. बियाण्याला जायचंय. मका लाव मका. तो उन्हाळा संपला तरी मरत नाही, शरदातही उभा राहतो."

"हे मात्र सांगितलंस!"

"विचारलं नाहीस तरी सांगतेय. बघ, सुधारले मी."

मक्याचे पैसे सामाईकातलेच. ते वेगळे करायची सोय आहे तिथे, गावच्या महापौराच्या घरी एक वही असते, त्या वहीत करता येतं. पहिल्यांदा ती वही पाहिली तेव्हा मला तलाठ्याचं दप्तरच आठवलं. मी बाईला विचारलं, करायचे का वेगळे? माझ्या चुकांचा तुला भुर्दंड नको. ती म्हणाली, "कशाला कागद." एवढंच. आणि मग आपल्याच बोलण्यावर आम्ही दोघी इतक्या हसलो की तिचा नातू वरून विचारायला आला.

गेल्या रविवारी मी भावाला फोन केला. हळदीच्या लागणीचे दिवस जवळ आलेत. म्हटलं, "या वर्षी लागणीला येते मी."

"ताई, या उन्हात? गुडघ्यांचं काय?"

"स्टूल घेऊन बसेन. एक सरी मला ठेव. मी लावते."

त्याला वाटलं मी पुन्हा त्या खेळाबद्दल बोलतेय. मग कळल्यावर जरा थांबला. मला वाटलं आता 'बघू' म्हणेल. आमच्या घरात 'बघू'चा अर्थ सगळ्यांना माहीत आहे. पण तो म्हणाला, "सऱ्या कुठं आता, गादीवाफे असतात. ठिबक केलंय सगळं. कुठला ठेवू तुला? विहिरीकडचा का खालचा?"

मला सांगता येईना. विहिरीकडचा म्हणजे चिंचेच्या अलीकडचा की पलीकडचा? चिंच आहे का अजून? हेही विचारावं लागलं. चिंच नाही म्हणाला, 2011 सालीच पडली.

"विहिरीकडचा ठेव," मी म्हटलं.

"ठेवतो," म्हणाला. "पण ताई, गाडी करून ये, एसटीने नको."

तेव्हा पुढच्या आठवड्यात पुन्हा इथे शुकशुकाट दिसला तर लेकीने घाबरू नये, या वेळी खरंच मामाकडे असेन. आता उठते. साडेसातला पाच कमी आहेत, आणि मका कालपासून गुडघ्याएवढा झालाय.